कॅमेऱ्यापुढून कॅमेऱ्यामागे : चित्रपटाच्या घरातील मुले आणि दिग्दर्शनाची वाट



ज्या शिक्षकांच्या स्मरणार्थ आपण येथे जमतो, ते आम्हांला इतिहास शिकवीत. कोणा थोर पुरुषाचे चरित्र वाचून झाले की त्यांचा एक प्रश्न ठरलेला असे : हा मनुष्य वयाच्या दहाव्या वर्षी दिवसभर काय करीत होता? पाठ्यपुस्तकात उत्तर क्वचितच सापडे. पण त्या प्रश्नामुळे चरित्रनायक एकदम आमच्या बाकावर येऊन बसे. आजचा माझा विषय त्याच प्रश्नाच्या पोटातून निघाला आहे. ज्या मुलांच्या घरी नाटक-चित्रपट हाच व्यवहार होता, ज्यांचे दहावे वर्ष कॅमेऱ्यापुढे गेले, त्यांपैकी पुढे स्वतः दिग्दर्शक कोण झाले, कशामुळे झाले आणि कोणाला होता आले नाही, याचा थोडा शोध मी घेणार आहे.

हा मुंबई-कोल्हापूरकडचा विषय बडोद्यात कशाला, अशी शंका येणे स्वाभाविक आहे. तिचे उत्तर आपल्याच शहरात, कलाभवनाच्या वास्तूत आहे. सयाजीराव महाराजांच्या प्रेरणेने १८९० साली प्राध्यापक त्रिभुवनदास गज्जर यांनी कलाभवन उभे केले. पुढे महाराजा सयाजीराव विद्यापीठाची तंत्रशास्त्र व अभियांत्रिकी शाखा झाली ती हीच संस्था. त्र्यंबकेश्वरी १८७० साली जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतून येथे आले. चित्रकला, वास्तुकला, प्रतिकृती घडविणे आणि छायाचित्रण ही सर्व अंगे त्यांनी बडोद्यात हाताळली; गज्जरांनी त्यांना संस्थेची छायाचित्रणाची प्रयोगशाळा मोकळेपणी वापरू दिली. त्यानंतर ते गोध्र्यास छायाचित्रकाराचा व्यवसाय करू लागले आणि तेथे प्लेगात पत्नी व अपत्य गमावून बसले. भारतीय चित्रपटाच्या जनकाची घडण मुंबईच्या खाती जमा करताना हा गुजरातेतील अध्याय दोन ओळींत उरकला जातो. माझ्या मते तो अन्याय आहे. यंत्र, रसायन आणि चित्र या तिन्हींची सांगड घालणारा कारागीर फाळक्यांमध्ये तयार झाला तो या गावी.

फाळक्यांनी १९१२ साली लंडनला जाऊन कॅमेरा व इतर सामग्री आणली, त्यानंतर त्यांचे घर हाच कारखाना झाला. सरस्वतीबाईंनी दागिने गहाण ठेवू दिले, फिल्मला छिद्रे पाडण्याचे काम शिकून घेतले, आणि दादरच्या त्या घरी कलावंतांपासून कामगारांपर्यंत सर्वांच्या जेवणाचीही काळजी वाहिली. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात प्रदर्शित झाला. त्यात रोहिदासाची भूमिका करण्यासाठी कोणी पालक आपला मुलगा देईना. वल्कले नेसून रानावनात हिंडणारा आणि अखेर सर्पदंशाने मरणारा राजपुत्र! अशी अशुभ भूमिका कोण आपल्या मुलाला करू देणार? तेव्हा फाळक्यांनी स्वतःच्याच मुलाला, भालचंद्राला, उभे केले. चित्रीकरणाच्या मुक्कामी खेळताना पडून त्याच्या डोक्याला जखम झाली आणि तो बेशुद्ध झाला; त्या अवस्थेतच रोहिदासाच्या मृत्यूचा प्रसंग फाळक्यांनी टिपून घेतला, असे त्यांच्या चरित्रांत सांगितले जाते. मुलाला मुंबईस न्यावे असे सोबतचे लोक म्हणत होते. जखम भरेपर्यंत काम अडून राहील, हा हिशेब वडिलांपुढे होता.

ही हकीकत सहसा फाळक्यांच्या ध्येयनिष्ठेचे उदाहरण म्हणून सांगितली जाते. मला ती त्या मुलाच्या बाजूने वाचावीशी वाटते. भारतातील पहिल्या कथापटातला हा बालनट. त्याचा दिग्दर्शक, निर्माता, मालक आणि बाप एकच. घरातल्या मुलाला चित्रपटात लवकर प्रवेश मिळतो हे खरे. पण नकार देण्याची जागाही त्याच्यापाशी सर्वांत कमी असते.

भालचंद्राची बहीण मंदाकिनी हिची गोष्ट अधिक विचारात पाडणारी आहे. १९१९ सालच्या ‘कालिया मर्दन’ मध्ये वयाच्या सातव्या वर्षी तिने बालकृष्ण साकारला. सुदैवाने या चित्रपटाचा मोठा भाग आजही उपलब्ध आहे. फाळक्यांनी आरंभी आपल्या लेकीच्या मुद्राभिनयाचे एक छोटेसे प्रात्यक्षिकच दाखविले आहे. ती हसते, रुसते, घाबरते, आणि मग त्या मुलीतून कृष्ण प्रकट होतो. ज्या काळी फाळक्यांना राणी तारामतीसाठी अण्णा साळुंके यांना साडी नेसवावी लागली होती, त्याच काळी एक मुलगी पुरुष-देवतेची भूमिका इतक्या सहजतेने करून गेली, हे लक्षात घेण्यासारखे आहे. त्याच पिढीतली कमला कामत, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, फाळक्यांच्याच ‘मोहिनी भस्मासुर’ मध्ये आई दुर्गाबाईंबरोबर १९१३ साली पडद्यावर आली होती. मंदाकिनीने चित्रपटाची सर्व कामे घरात होताना पाहिली होती. प्रकाश कसा घ्यावा, फिल्म कशी धुवावी, चमत्कारदृश्य कसे जुळवावे, हे तिच्या परकरी वयातले घरगुती दृश्य होते. तरीही तिने दिग्दर्शन का केले नाही, हा प्रश्न तिच्याबाबत कोणी विचारल्याचे माझ्या वाचनात नाही. तो कोणाला सुचलाच नसावा.

येथे एक आडवळण घेणे भाग आहे, कारण चित्रपटाआधी मुले नाटक मंडळ्यांत होती. १९१३ साली स्थापन झालेल्या गंधर्व नाटक मंडळीला याच बडोदे सरकारचा राजाश्रय लाभला होता. मंडळीत राहणारी मुले गावोगाव हिंडत. गायनाची आणि नकलेची तालीम मिळे, पण शाळा सुटे. आणि ज्या महाराजांनी या मंडळीला आश्रय दिला, त्याच महाराजांनी १८९३ साली अमरेली भागात आणि १९०६ पासून सर्व राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले होते. एकाच राज्यकर्त्याच्या या दोन औदार्यांत एक विसंगती दडलेली आहे, आणि ती आजतागायत पुरती सुटलेली नाही. कोल्हापूरचा शांताराम वणकुद्रे हा मुलगा काही काळ याच मंडळीत होता. तेथून घरी परतून, रेल्वेच्या कारखान्यात आणि तंबूच्या चित्रगृहात अंग मोडून काम करून मग तो बाबूराव पेंटरांच्या हाताखाली उभा राहिला. व्ही. शांताराम हे काही चित्रपटाच्या घरातले नव्हेत. पण बालनट आणि दिग्दर्शक यांच्यामध्ये दुसऱ्या आयुष्याचा एक तुकडा असावा लागतो, ही गोष्ट त्यांच्या चरित्रात प्रथम ठळकपणे दिसते, आणि आजच्या व्याख्यानाचा माझा मुख्य मुद्दा तोच आहे.

हा तुकडा ज्यांना लाभला नाही त्यांचे काय झाले? मास्टर विनायक हे मराठीतले श्रेष्ठ नट-दिग्दर्शक. ‘ब्रह्मचारी’ (१९३८) आणि ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९) ही नावे माझ्या पिढीच्या कानांवर घरातल्या वडीलमंडळींकडून पडत. १९४७ च्या ऑगस्टमध्ये ते अकाली गेले, तेव्हा त्यांची मुलगी नंदा आठ वर्षांची होती. ‘बेबी नंदा’ या नावाने ती १९४८ च्या ‘मंदिर’ मध्ये दिसली आणि पुढे घराची जबाबदारी तिच्या खांद्यांवर आली. तिची नायिका म्हणून कारकीर्द आपण सर्व जाणतो. परंतु दिग्दर्शकाची मुलगी, वयाच्या आठव्या वर्षापासून कॅमेऱ्याच्या सहवासात, तीन दशकांहून अधिक अनुभव. एवढे भांडवल असूनही ती दिग्दर्शनाकडे वळली नाही. तिचे बंधू जयप्रकाश कर्नाटकी मात्र मराठीत दिग्दर्शक झाले. नंदाबाईंची तशी इच्छा होती की नव्हती, हा त्यांचा खाजगी प्रश्न. मी केवळ परिस्थिती पाहतो. ज्या मुलाच्या कमाईवर घर चालते त्याला चार वर्षे काही न कमावता, कोणाला न दिसता, दुसरे काही शिकत राहण्याची चैन परवडत नाही.

या संदर्भात अमेरिकेतील जॅकी कूगनची आठवण होते. चॅप्लिनच्या ‘द किड’ (१९२१) मधला तो लाडका पोरगा मोठा झाला तेव्हा त्याला कळले की आपली कमाई आई आणि सावत्र वडिलांनी जवळपास संपविली आहे. १९३८ साली तो न्यायालयात गेला, आणि १९३९ साली कॅलिफोर्नियात बालकलावंतांच्या मिळकतीचा काही भाग राखून ठेवणारा कायदा झाला. आपल्याकडे तशी तरतूद यायला २०१७ साल उजाडले. बालकामगारविषयक कायद्याच्या त्या वर्षीच्या नियमांप्रमाणे बालकलावंताला दिवसात ५ तासांहून अधिक आणि विश्रांतीवाचून ३ तासांहून अधिक काम देता येत नाही, सलग २७ दिवसांपलीकडे कामावर ठेवता येत नाही, आणि त्याच्या मिळकतीचा किमान २० टक्के भाग त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवावा लागतो. कूगनचा कायदा आणि हे नियम यांत ७८ वर्षांचे अंतर आहे.

आता ज्या घराविषयी मला सविस्तर बोलावयाचे आहे त्या कोठारे घराकडे वळतो. अंबर आणि सरोज कोठारे हे दोघेही रंगभूमीवर काम करणारे. त्यांचा मुलगा महेश याचा जन्म १९५३ सालचा. राम गबाले यांच्या ‘छोटा जवान’ (१९६३) या चित्रपटात तो बालनट म्हणून आला. चीनबरोबरच्या युद्धाच्या सावलीतले ते दिवस. शीर्षकातच त्या काळाचा ठसा आहे. १९६८ च्या ‘राजा और रंक’ या हिंदी चित्रपटात, मार्क ट्वेनच्या प्रसिद्ध कथेवर आधारलेल्या दुहेरी भूमिकेत, तो राजपुत्रही झाला आणि भिकाऱ्याचा मुलगाही. त्यानंतर बालनटांच्या वाटेवर जे वळण हमखास येते ते आले. आवाज फुटतो, उंची वाढते, आणि काल ज्याला लोक उचलून घेत त्याला आज कोणी ओळखत नाही. बहुतेकांचा प्रवास येथे संपतो.

महेश कोठारे यांनी या वळणावर एक साधी, मराठी मध्यमवर्गाला शोभणारी गोष्ट केली. ते शिकले. कायद्याची पदवी घेतली आणि काही काळ वकिलीही केली. त्यांच्या वकिलीचा उल्लेख मुलाखतींतून गमतीने केला जातो; मला तो त्यांच्या कारकिर्दीचा कणा वाटतो. नटाला दुसऱ्याने दिलेले वाक्य नीट म्हणावे लागते. वकिलाला मात्र अनेकांची परस्परविरोधी वाक्ये ऐकून, त्यांचा क्रम लावून, समोरच्याला पटेल अशी एक कथा उभी करावी लागते, आणि करारातली कलमेही वाचता यावी लागतात. निर्माता-दिग्दर्शकाचे काम याहून फारसे वेगळे नाही. प्रौढ नट म्हणून त्यांनी केलेल्या भूमिका फार काळ स्मरणात राहिल्या नाहीत, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. १९८५ साली ‘धुमधडाका’ घेऊन ते आले ते दिग्दर्शक म्हणून, आणि मराठी चित्रपटाच्या धंद्याची चाल बदलली.

‘धुमधडाका’ ची कथा नवी नव्हती. तमिळमधील श्रीधर यांच्या १९६४ च्या विनोदी चित्रपटावरून हिंदीत १९६६ साली ‘प्यार किये जा’ झाला होता. तोच वंश येथे मराठीत उतरला. टीकाकारांनी नाके मुरडली, ती काही अगदी अकारण नव्हे. परंतु अशोक सराफ आणि लक्ष्मीकांत बेर्डे या दोघांच्या विनोदाची लय ओळखून तिला वेगवान संकलनात बसविणे हे कौशल्य उसने आणता येत नाही. पुढे ‘दे दणादण’ (१९८७), ‘थरथराट’ (१९८९), ‘धडाकेबाज’ (१९९०) आणि ‘झपाटलेला’ (१९९३) असे चित्रपट आले. ‘धडाकेबाज’ हा मराठीतला पहिला सिनेमास्कोप चित्रपट म्हणून ओळखला जातो. ‘झपाटलेला’ मध्ये शब्दभ्रमकार रामदास पाध्ये यांच्या बाहुल्यातून तात्या विंचू अवतरला आणि एका पिढीची झोप उडाली. तंत्राची ही हौस पाहून मला फाळक्यांची आठवण होते. कालियाच्या फण्यांवर नाचणारी मंदाकिनी आणि चालता-बोलता बाहुला यांच्यामागचे कुतूहल एकाच जातीचे आहे : हे पडद्यावर करून दाखवता येईल काय?

सचिन पिळगावकर यांचा मार्ग याला समांतर, पण आतून निराळा. जन्म १९५७ चा. राजा परांजपे यांच्या ‘हा माझा मार्ग एकला’ (१९६३) मध्ये पहिली भूमिका. वडील शरद पिळगावकर चित्रपट-निर्माते. त्यांचा ‘अष्टविनायक’ (१९७९) आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिला असेल. सचिन यांनी अभिनय कधी सोडलाच नाही, तेव्हा माझ्या ‘दुसऱ्या आयुष्या’च्या मुद्द्याला ते अपवाद आहेत, असे कोणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. त्यांचे दुसरे आयुष्य सेटवरच, पण निरनिराळ्या घरांत गेले. हृषीकेश मुखर्जींच्या ‘मझली दीदी’ (१९६७) मध्ये ते मीनाकुमारीसमोर उभे होते. ‘शोले’, ‘गीत गाता चल’, ‘बालिका बधू’ अशा एकमेकांशी मुळीच न जुळणाऱ्या पद्धतींचे दिग्दर्शक त्यांनी जवळून पाहिले. पहिला दिग्दर्शित चित्रपट ‘मायबाप’ (१९८२). आणि १९८८ सालचा ‘अशी ही बनवाबनवी’ कशावर बेतला होता? हृषीदांच्याच ‘बीवी और मकान’ (१९६६) वर. ज्यांच्यापुढे नऊ-दहा वर्षांचा मुलगा म्हणून काम केले त्यांचीच एक फारशी न चाललेली कथा घेऊन शिष्याने ती मराठी घराघरांत पोहोचविली. गुरुदक्षिणेचा हा प्रकार मला फार आवडतो.

कोठाऱ्यांची पुढची पिढी म्हणजे आदिनाथ. वडिलांच्याच ‘माझा छकुला’ (१९९४) मध्ये तो बालनट होता. मोठेपणी वडिलांच्या चित्रपटांवर साहाय्यक म्हणून राबला, नायक झाला. अशा मुलाचा पहिला दिग्दर्शित चित्रपट कसा असेल याचा अंदाज कोणीही बांधला असता, आणि तो चुकला असता. ‘पाणी’ हा चित्रपट नांदेड जिल्ह्यातील नागदरवाडी या दुष्काळी गावाचा आहे. गावात पाणी नाही म्हणून तेथे मुलगी द्यायला कोणी तयार नाही, अशा एका तरुणाने, हनुमंत केंद्रे यांनी, गाव पाण्यावर आणले, त्याची ही सत्यकथा. चित्रपटाला ६६ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत, २०१९ साली, पर्यावरणविषयक उत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. चित्रगृहांत तो लागला १८ ऑक्टोबर २०२४ रोजी. घरात पाण्यासारखे वाहणारे विनोदाचे यश बाजूस ठेवून, ज्या बोलीत आणि ज्या उन्हात आपण वाढलो नाही तेथे जाऊन पहिला चित्रपट करणे, हा घराबाहेर पडण्याचा आणखी एक प्रकार झाला. आजोबांचे, अंबर कोठाऱ्यांचे, २०२३ च्या आरंभी निधन झाले. नातवाचा चित्रपट लोकांसमोर आलेला त्यांना पाहता आला नाही.

परदेशात रॉन हॉवर्डचे उदाहरण जवळचे वाटते. आईवडील दोघेही नट, स्वतः १९६० पासून दूरचित्रवाणीवरचा बालनट, आणि १९७७ साली पहिला दिग्दर्शित चित्रपट. आपल्याकडे राज कपूर १९३५ च्या ‘इन्किलाब’ मध्ये बालवयात दिसले. मग केदार शर्मांच्या हाताखाली क्लॅप देण्याचे, म्हणजे अगदी तळचे, काम करून १९४८ साली ‘आग’ घेऊन आले. पृथ्वीराजांच्या मुलाने पाटी धरावी, ही त्या घराची शिस्त होती.

माझ्या यादीत आतापर्यंत दिग्दर्शक झालेले सगळे मुलगेच आहेत, हे सभागृहातील भगिनींच्या ध्यानी आले असेल. हा योगायोग नव्हे. आईने दिग्दर्शन करावे आणि मुलीने तिच्या चित्रपटात दिसावे, असे मात्र घडलेले आहे. फातमा बेगम यांनी १९२६ साली ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. त्यांची मुलगी झुबेदा ‘आलम आरा’ ची नायिका झाली. शोभना समर्थ यांनी १९५० साली ‘हमारी बेटी’ स्वतः दिग्दर्शित केला तो नूतनला पुढे आणण्यासाठी. त्यात धाकटी तनुजा बालभूमिकेत होती. १९६० साली त्यांनीच ‘छबीली’ केला, त्यातही दोघी मुली होत्या. नूतन आणि तनुजा या दोघींच्या बुद्धीविषयी आणि अभिनयाविषयी दुमत नाही. पण आईची खुर्ची त्यांच्यापैकी कोणाकडे आली नाही. मुलगा वयात आला की पडद्यावरून काही वर्षे नाहीसा होई, आणि त्या अज्ञातवासात त्याला शिकता येई, हिंडता येई, कोणाच्या हाताखाली राबता येई. मुलगी वयात आली की ती लगेच नायिका होई. तिच्या वाट्याला तो अज्ञातवासच येत नसे.

ज्या मराठी स्त्रिया चित्रपटाच्या दिग्दर्शक झाल्या त्यांपैकी अग्रगण्य नावे या कारणामुळेच चित्रपटाबाहेरून आली. सई परांजपे यांनी नभोवाणी, बालरंगभूमी आणि दूरचित्रवाणी असा प्रवास करून १९८० साली ‘स्पर्श’ केला. विजया मेहता यांनी १९६० साली ‘रंगायन’ स्थापिली, दोन दशके रंगमंचावर नट घडविले, आणि त्यानंतर ‘रावसाहेब’ व ‘पेस्तनजी’ हे चित्रपट केले. विजयाबाईंचा जन्म १९३४ साली, आपल्या याच बडोदे शहरातला.